पाहण्याआधीचा अभिमान

सुमारे पंधरा वर्षांपूर्वी प्रस्तुत लेखकाने एक लेख लिहिला होता. भारतीय अध्यात्माने पाश्चात्त्य कलावंतांना घातलेली भुरळ, असा त्याचा विषय होता. अमेरिकेतील एका चित्रपटकाराने १९५७ साली ‘यंत्र’ या संस्कृत नावाचा, हाताने रंगवलेल्या चित्रांचा लघुपट पूर्ण केला, ही माहिती त्यात मोठ्या दिमाखात दिली होती. आणि तेवढ्याच आधारावर, जगाने अखेर आपल्या ऋषिमुनींची वाट धरली आहे, असा निर्वाळाही देऊन टाकला होता. लेख पुष्कळांना आवडला. दोन शाखांमध्ये त्याचे वाचन झाल्याचे कळले, तेव्हा मनाला गुदगुल्या झाल्या, हे कबूल केले पाहिजे.

तीन आठवड्यांनी सांगली जिल्ह्यातील एका निवृत्त चित्रकला शिक्षकांचे पोस्टकार्ड आले. अक्षर मोत्यासारखे, मजकूर मोजून चार ओळींचा. लेख वाचून आनंद झाला, असे लिहून त्यांनी विचारले होते की, हा लघुपट आपण स्वतः पाहिला आहे काय? पाहिला असल्यास त्यात श्रीयंत्र नेमके कोठे येते, तेवढे कळवावे.

मी लघुपट पाहिला नव्हता. एका इंग्रजी पुस्तकात त्याचे नाव आणि दोन वाक्यांचा परिचय वाचला होता, इतकेच. नावाने मी इतका हरखून गेलो होतो की, नावामागे काय आहे हे पाहण्याची गरजच वाटली नाही. त्या पोस्टकार्डाला मी बरेच दिवस उत्तर दिले नाही. पुढे एका चित्रपटप्रेमी स्नेह्याच्या घरी, भिंतीवर पांढरी चादर लावून, तो लघुपट पाहण्याचा योग आला. आज जे लिहीत आहे, ते त्या पाहण्यातून आणि नंतरच्या वाचनातून आलेले आहे. त्या गुरुजींना खरे म्हणजे हे तेव्हाच लिहायला हवे होते.

‘यंत्र’ हा आठ मिनिटांचा लघुपट. कर्ता जेम्स व्हिटनी. जन्म १९२१, कॅलिफोर्नियातील पासाडेना येथला, निधन १९८२. थोरला भाऊ जॉन याच्यासह त्याने १९४३-४४ मध्ये अमूर्त आकारांचे पाच छोटे चित्रपट केले होते आणि १९४९ साली बेल्जियममधील प्रायोगिक चित्रपटांच्या स्पर्धेत त्यांना पारितोषिकही मिळाले होते. नंतर मात्र दोघांच्या वाटा थोड्या वेगळ्या झाल्या. जॉनला यंत्रसामग्रीचे वेड होते; जेम्स योग, ताओ, युंगचे मानसशास्त्र आणि मध्ययुगीन युरोपातील किमयाविद्या यांच्या अभ्यासात बुडाला. या अभ्यासातून १९५० च्या सुमारास त्याने जे काम हाती घेतले, ते पूर्ण व्हायला १९५७ साल उजाडले.

त्याची पद्धत सांगितली, तर आपल्याकडील कोणत्याही गृहिणीला ती चटकन समजेल. पाच इंच बाय सात इंच आकाराची कार्डे घ्यायची. टाचणीने त्यांना बारीक भोके पाडायची, एका विशिष्ट मांडणीत, ओळीने. मग भोके पाडलेले कार्ड दुसऱ्या कोऱ्या कार्डावर ठेवून भोकांतून रंग खाली उतरवायचा. खालच्या कार्डावर ठिपके उमटतात. पुढच्या कार्डावर ते किंचित सरकलेले, त्यापुढच्यावर आणखी किंचित. ही कार्डे एकामागून एक कॅमेऱ्याखाली ठेवून चित्रित केली की ठिपके चालू लागतात.

हे वाचताना मला आईचा ठिपक्यांचा कागद आठवला. दिवाळीच्या आधी जाड कागद घेऊन, त्यावर पट्टीने रेघा आखून, पेटत्या उदबत्तीने तो एकेका खुणेवर टोचायचा, हा आमच्या घरातला दरवर्षीचा कार्यक्रम असे. तो कागद सारवलेल्या अंगणात अंथरून त्यावरून रांगोळीची मूठ फिरवली आणि अलगद उचलला की खाली ठिपक्यांच्या ओळीच्या ओळी उभ्या. एखादे भोक बुजलेले असले, तर तेथला ठिपका बोटाने घालावा लागे. व्हिटनीने हे पाहिलेले नव्हते. त्याने ते आपल्याकडून घेतले, असा दावा मी आता करणार नाही. एकदा केलेल्या चुकीने तेवढे शहाणपण आले आहे. पण सुईने टोचलेल्या कागदातून रंग उतरवण्यामागे जो धीर लागतो, तो दोन्हीकडे सारखाच. आमच्या आईचे काम एका सकाळपुरते असे. व्हिटनीचे काम सुमारे सात वर्षे चालले.

जरा हिशेब करू. चित्रपट एका सेकंदात चोवीस चौकटींनी धावतो. आठ मिनिटांच्या अकरा हजार पाचशे वीस चौकटी होतात. एकेक कार्ड दोन-तीन चौकटींसाठी वापरता येते, हे धरले तरी कार्डांची संख्या हजारांत जाते, आणि प्रत्येकावर शेकडो ठिपके. हाताखाली कारागीर नाहीत, मागे स्टुडिओ नाही, पुढे तिकीट काढून येणारा प्रेक्षक नाही.

आणि पडद्यावर काय दिसते? श्रीयंत्र दिसत नाही, हे गुरुजींना प्रथम सांगितले पाहिजे. एकमेकांत गुंतलेले नऊ त्रिकोण, त्यांतून होणारे त्रेचाळीस लहान त्रिकोण, भोवतीची अष्टदले आणि षोडशदले, बाहेरचा भूपुर, यांपैकी काहीही तेथे नाही. आहेत ते केवळ ठिपके. ते थव्याने येतात, कडे धरतात, कडे आत मिटते, एका बिंदूवर गर्दी होते आणि तो बिंदू फुटून ठिपके पडद्याच्या कडांपर्यंत फेकले जातात. मधूनच सारा पडदा लखलखून उठतो, डोळे दिपतात, रंग उलटेपालटे होतात. पुन्हा जमवाजमव सुरू. मूळ लघुपट मूक होता. जॉर्डन बेल्सन या दुसऱ्या चित्रपटकाराने नंतर हेन्क बादिंग्स या डच संगीतकाराची इलेक्ट्रॉनिक रचना त्याला जोडली आणि बहुधा त्याच रूपात तो दाखवला जातो. मला स्वतःला तो आवाज बंद करून पाहिलेला अधिक आवडला.

पहिली दोन मिनिटे मला काही उमजले नाही. शेजारी बसलेल्या गृहस्थांनी हळूच विचारले, “यात देव कुठे आहे?” प्रश्न चेष्टेचा नव्हता. ते रोज नेमाने पोथी वाचणारे आहेत आणि धार्मिक विषयावरचा लघुपट म्हणून त्यांना मीच आग्रहाने बोलावले होते. त्यांच्या प्रश्नाला तेव्हा मी उत्तर दिले नाही, कारण माझ्याजवळ ते नव्हते. तिसऱ्या-चौथ्या मिनिटाला मात्र काहीतरी बदलले. कथा शोधणारे मन थकून गप्प झाले आणि नजर नुसती पाहू लागली. ठिपका बाहेर गेला की श्वास बाहेर, आत आला की आत, असे काहीसे होऊ लागले. त्याला समाधी वगैरे मोठी नावे देण्याचा अविचार मी करणार नाही. पण देवघरातील तांब्याच्या पत्र्यावरील श्रीयंत्र मी चाळीस वर्षे पाहत आलो आहे, त्याला हळदकुंकू वाहत आलो आहे, आणि ते पाहायचे असते, त्यावर नजर ठरवायची असते, ही गोष्ट मला त्या चादरीवरच्या ठिपक्यांनी आठवण करून दिली. ही आठवण लाजिरवाणी होती, म्हणूनच सांगितली.

येथे मराठी वाचकाला एक गंमत सांगण्यासारखी आहे. आपल्या भाषेत यंत्र म्हणजे पूजेतली आकृतीही आणि कारखान्यातले मशीनही. व्हिटनीने ‘यंत्र’ केला तो निव्वळ हाताने. त्यानंतरचा त्याचा लघुपट ‘लॅपिस’, १९६६ चा. लॅपिस या लॅटिन शब्दाचा अर्थ दगड. किमयागारांच्या परिभाषेत आपण ज्याला परीस म्हणू तो. हा लघुपट मात्र त्याने भावाने बनवलेल्या यंत्राच्या साह्याने केला. ते यंत्र तरी कोणते? दुसऱ्या महायुद्धात विमानविरोधी तोफांचा नेम धरण्यासाठी बनवलेली गणकयंत्रे युद्धानंतर मोडीत निघाली होती. जॉनने ती घेऊन, त्यांची मोडतोड करून, कॅमेऱ्याची हालचाल नियंत्रित करणारी यंत्रणा उभी केली. ज्या यंत्राने विमाने पाडायची, त्याने ठिपक्यांची मंडले फिरू लागली, आणि सोबतीला सतारीचे स्वर. दहा मिनिटांचा ‘लॅपिस’ दिसायला ‘यंत्र’पेक्षा कितीतरी देखणा आहे, मंडलासारखा रेखीव आहे, पुष्कळांना तोच अधिक भावतो. माझे मत वेगळे आहे. ‘यंत्र’मधल्या ठिपक्यांना हाताचा किंचित कंप आहे. ते थरथरतात. ‘लॅपिस’ पाहताना मन शांत होते, ‘यंत्र’ पाहताना अस्वस्थ होऊन मग शांत होते, आणि या दोहोंत फरक आहे.

आता माझ्या जुन्या लेखातील दिमाखाविषयी. व्हिटनीने आपल्या परंपरेचा गौरव केला काय? त्याच्या पुढच्या लघुपटांची नावे पाहा. १९७३ चा ‘द्विज’. नाव संस्कृत, पण त्यातील प्रतिमा किमयाविद्येच्या जुन्या चित्रांतली, पात्रात कोंडलेल्या पक्ष्याची. १९७७ चा ‘वू मिंग’, हे नाव चिनी. म्हणजे या माणसाच्या मेजावर उपनिषदांच्या देशातील ग्रंथ होते, तसेच चीनचे होते आणि युरोपचेही होते. तो शोधत होता आणि ज्या भाषेत नेमका शब्द सापडला, त्या भाषेतून त्याने तो उचलला. आपला शब्द त्याला सापडला, ही आनंदाची गोष्ट खरीच. पण तेवढ्यावरून त्याला आपल्या दिंडीत सामील करून घेणे हे त्याच्यावरही अन्यायाचे आणि आपल्यालाही शोभणारे नाही.

याच्या उलट टोकाला, हा सांस्कृतिक उचलेगिरीचा प्रकार आहे, असे म्हणणारेही भेटतात. आपली पवित्र चिन्हे परक्यांनी वाटेल तशी वापरावीत काय, असा त्यांचा सवाल असतो. सवाल रास्त आहे आणि साठीच्या दशकात अंगरख्यांवर ॐ छापून हिंडणाऱ्यांविषयी तो जरूर विचारावा. पण सात वर्षे टाचणी घेऊन बसलेल्या माणसाला उचल्या म्हणणे माझ्या जिभेवर येत नाही.

पाहण्याआधीचा अभिमान आणि पाहण्याआधीचा राग ही सख्खी भावंडे आहेत. रागाचेही एक उदाहरण आपल्या घरातलेच आहे. जपानचे युगो साको हे १९८३ साली शृंगवेरपूर येथील डॉ. बी. बी. लाल यांच्या उत्खननावर माहितीपट करण्यासाठी भारतात आले होते. परदेशी माणूस रामायणावर मनमानी चित्रपट काढीत आहे, असा समज वृत्तपत्रातील एका बातमीमुळे पसरला आणि विश्व हिंदू परिषदेकडून आक्षेपाचे पत्र गेले. पुढे साको यांनी भेटून खुलासा केला, गैरसमज दूर झाला. पण रामायणाचे कार्टून कसे करता येईल, ही शंका सरकारदरबारी उरलीच. अखेर जपानमध्ये, कोइची सासाकी आणि आपले राम मोहन यांच्या सहदिग्दर्शनाखाली, शेकडो कलावंतांच्या हातांनी रंगवलेला तो चित्रपट १९९२ साली पूर्ण झाला. भारतातील चित्रपटगृहांत तो रीतसर प्रदर्शित व्हायला २४ जानेवारी २०२५ हा दिवस उजाडावा लागला! दरम्यान दूरदर्शन संचावर तो पाहून एक अख्खी पिढी लहानाची मोठी झाली. तो प्रायोगिक नाही, त्यात राम रामासारखा आणि सीता सीतेसारखी दिसते. त्याला विरोध करणाऱ्यांनी तो पाहिला नव्हता, कारण तो तेव्हा अस्तित्वातच नव्हता. मी ‘यंत्र’ची स्तुती केली, तेव्हा निदान तो चित्रपट अस्तित्वात होता, एवढाच काय तो फरक.

सगुणाच्या बाजूने जे म्हणायचे, ते येथे म्हटलेच पाहिजे. आमची संतपरंपरा विटेवरच्या सावळ्या रूपात रमली. नुसत्या ठिपक्यांनी सहा वर्षांच्या मुलाचे समाधान होणार नाही. त्याला शेपटीचा मारुती हवा, उडणारा हवा, डोंगर उचलणारा हवा. २००५ साली ‘हनुमान’ हा पूर्ण लांबीचा ॲनिमेशनपट आला, तेव्हा चित्रपटगृहात मुलांनी केलेला जल्लोष मी स्वतः ऐकला आहे आणि मला तो गोड वाटला आहे. तक्रार आहे ती त्यानंतर आलेल्या लोंढ्याविषयी. देवांचे दंड फुगले, डोळे बशीएवढे झाले, संवादांत बाजारी विनोद शिरले, आणि दोन युद्धांमध्ये भक्तीचे एक गाणे कोंबले की चित्रपट धार्मिक झाला. ‘आपला’ विषय आहे, ‘आपल्या’ मुलांसाठी आहे, म्हणून आपण मुलांना त्यापुढे बसवून निश्चिंत होतो. तो आपण स्वतः मुलांबरोबर बसून शेवटपर्यंत पाहतो काय?

विषय धार्मिक असला म्हणजे कृती धार्मिक होते काय, हा खरा प्रश्न आहे. याबाबतीत ख्रिस्ती परंपरेतील एक उदाहरण विचार करायला लावणारे आहे. स्टॅन ब्रॅकेज हा अमेरिकी चित्रपटकार, जन्म १९३३. अनाथालयात जन्मलेला, दत्तक गेलेला, कोलोराडोच्या डोंगरात वर्षानुवर्षे राहिलेला. त्याने आयुष्यात पावणेचारशेच्या आसपास लहानमोठे चित्रपट केले, बहुतेक सगळे मूक. १९६३ मध्ये त्याने ‘मॉथलाइट’ केला, तो कॅमेऱ्याशिवाय. पतंगांचे पंख, पाकळ्या आणि गवताची पाती दोन पारदर्शक चिकटपट्ट्यांमध्ये दाबून. पुढे तो थेट फिल्मच्या पट्टीवर रंगवू लागला. ३५ मिलिमीटर पट्टीची एक चौकट म्हणजे आपल्या टपाल तिकिटाएवढीही जागा नव्हे. त्यावर ब्रशाने, बोटांनी रंग चढवायचा, वाळू द्यायचा, खरवडायचा, पुन्हा चढवायचा.

१९८७ साली त्याने ‘द दान्ते क्वार्टेट’ पूर्ण केला. सहा-आठ मिनिटांचा लघुपट, करायला लागली सहा वर्षे. विषय इटालियन महाकवी दान्तेच्या ‘डिव्हाइन कॉमेडी’चा: नरक, शुद्धीची अवस्था आणि स्वर्ग. त्याचे चार भाग आहेत. त्यांत एकही सैतान नाही, एकही देवदूत नाही, ज्वाळांत होरपळणारा पापी नाही. आहे तो केवळ रंग. आधी साकळलेला, जड, चिखलासारखा. मग अरुंद चौकटीत कोंडलेला. मग कोठे कोठे फटीतून उजेड आल्यासारखा. आणि अखेरच्या भागात, ज्याला त्याने अस्तित्व हेच गाणे अशा अर्थाचे नाव दिले आहे, पडदाभर उसळणारा. डोळे गच्च मिटल्यावर पापण्यांआड जे रंग हलतात, ते दुःखात वेगळे असतात आणि आनंदात वेगळे, असे त्याचे म्हणणे होते. तेच त्याने रंगवले. काही भाग त्याने एका जुन्या व्यावसायिक चित्रपटाच्या झिजलेल्या ७० मिलिमीटर प्रतीवरच रंगवला. रंगांच्या थराखाली एखादी मानवी आकृती क्षणभर चमकून जाते, ती त्यामुळे. शुद्धीच्या अवस्थेत मागच्या जन्माची आठवण यावी तशी, असे मला वाटले. ब्रॅकेजला हे मान्य झाले असते की नाही, सांगता येत नाही.

मला अडवून धरते ती दुसरीच गोष्ट. ब्रॅकेजने या लघुपटाविषयी लिहिताना सहा वर्षांच्या कामाबरोबर दान्तेच्या अभ्यासाची सदतीस वर्षेही मोजली आहेत. पन्नाशीत आलेला माणूस सांगतो की, एक ग्रंथ मी सदतीस वर्षे वाचत आलो आणि मग त्यावर आठ मिनिटांच्या आतले काम केले. आणि त्यातही स्वर्ग म्हणजे नेमके काय, याविषयी फार धिटाईने बोलण्याची माझी तयारी नाही, असे नम्रपणे सुचवतो. आपल्याकडे ज्ञानेश्वरी सदतीस वर्षे वाचणारे कमी नाहीत, घरोघर आहेत. हातात कुंचला धरणारेही कमी नाहीत. पण हे दोन्ही एकाच माणसात कितीदा भेटतात?

१९९४ ची त्याची ‘शार्त्र’ मालिका याहून जवळची वाटते. फ्रान्समधील शार्त्रच्या कॅथीड्रलमध्ये तो काही तास घालवून आला होता. तेथील तेराव्या शतकातील रंगीत काचांच्या खिडक्या जगप्रसिद्ध आहेत. पुस्तकांतून तो त्या वर्षानुवर्षे पाहत आला होता. पुढे त्याच्या पत्नीची बहीण वारली. अंत्यविधीला जाणे त्याला शक्य झाले नाही. तेव्हा तो एकटा बसून, ते मरण आणि ते कॅथीड्रल मनात धरून, फिल्मवर रंगवू लागला. आठ महिन्यांनी चार छोटे लघुपट तयार झाले. आपल्याकडे अशा वेळी कोणी गरुडपुराण लावतो, कोणी नामाला बसतो. त्याने रंग घेतले. अखेरच्या वर्षांत तर त्याने येशूच्या जीवनावर थेट नावे देऊन एक चित्रमालिका रंगवली, आणि २००२ मध्ये स्वर्गाच्या भिंतींसाठी चित्रफलक अशा अर्थाच्या नावाचा अर्ध्या तासाचा चित्रपट. १९९६ मध्ये त्याला मूत्राशयाचा कर्करोग झाल्याचे निदान झाले होते. फिल्म रंगवताना वापरलेल्या डांबरजन्य रंगांमुळे तो झाला, अशी त्याची समजूत होती. मार्च २००३ मध्ये तो गेला. अखेरच्या आजारपणात, ब्रश धरवेना तेव्हा, फिल्मची पट्टी थुंकीने ओली करून तो नखाने खरवडत होता. ते अपुरे काम ‘चायनीज सीरिज’ या नावाने ओळखले जाते.

आपल्या मातीतल्या कोणी असे काही केलेच नाही, असे मात्र नाही. गुजरातेत जन्मलेले आणि अहमदाबादच्या राष्ट्रीय डिझाइन संस्थेत घडलेले ईशू पटेल यांनी १९७८ साली ‘आफ्टरलाइफ’ केला. काचेवर रंगीत मातीचा पातळ थर, खालून दिवा, आणि वरून कॅमेरा. हाताने थर बदलत जायचा आणि चौकट टिपायची. मृत्यूनंतर जीव आपल्या गत आयुष्यातल्या साऱ्या अनुभवांमधून पुन्हा कसा जातो, हा विषय. कर्मसिद्धान्त जाणणाऱ्याला तो परका वाटू नये. पण तो पटेल यांनी केला कॅनडात, तेथील राष्ट्रीय चित्रपट मंडळाच्या आश्रयाखाली. त्यांना सात मिनिटांच्या चित्रपटासाठी तेथे वेळ, जागा आणि पैसा मिळाला. आपल्याकडील उत्सवांच्या मंडपांवर, रोषणाईवर, ध्वनिवर्धकांच्या भिंतींवर जो खर्च होतो, त्याचा शतांश एखाद्या जे. जे. मधील विद्यार्थ्याला दोन वर्षे शांतपणे बसून रंगवण्यासाठी एखादे मंडळ देईल काय? विषयाची अट घालू नये. देवाची मूर्ती दिसलीच पाहिजे, अशी तर मुळीच घालू नये. ऑस्कर फिशिंगर या जर्मन कलावंताला न्यूयॉर्कच्या गुगेनहाइम प्रतिष्ठानाने पैसे दिले आणि त्याने १९४७ मध्ये काचेसारख्या फलकांवर, कुंचल्याच्या एकेका फटकाऱ्यागणिक एक चौकट टिपत, बाखच्या संगीतावर अकरा मिनिटांचे अप्रतिम काम केले. देणाऱ्या बाईंना ते बिलकुल आवडले नाही. पण पैसे दिले होते, म्हणून ते झाले, आणि पुढे त्याला मोठे पारितोषिकही मिळाले. आपल्या मंडळांनाही असे न आवडणारे काहीतरी पदरात घेण्याची तयारी ठेवावी लागेल.

गेल्या अश्विनात आमच्या वस्तीतील मासिक बैठकीत, बौद्धिकाच्या आधी, मी ‘यंत्र’ दाखवण्याची परवानगी मागितली. आठच मिनिटे आहेत म्हणून मिळाली. आवाज बंद ठेवला होता. नावाविषयी, परंपरेविषयी, अमेरिकेविषयी आधी एक शब्दही बोललो नाही. दिवे घालवले आणि लघुपट लावला. दोन तरुण मधूनच उठून गेले. एकाने नंतर सांगितले की डोळे दुखले. बाकीचे बसून राहिले. चर्चा फारशी झाली नाही. मागच्या रांगेत सतरंजीवर बसलेल्या एक काकू, वय पंचाहत्तरच्या पुढे, दिवे लागल्यावरही पडद्याकडेच पाहत होत्या. मला जवळ बोलावून त्यांनी विचारले, “अहो, ही किती ठिपक्यांची होती?”

मी मोजले नव्हते. पुढच्या बैठकीला मोजून सांगतो, असे म्हणालो आहे.